राल्फ व्हर्नी कुंपणावर बसला होता का?

नमस्कार. सतराव्या शतकात इंग्लंडमध्ये राजा आणि पार्लमेंट यांच्यात झालेल्या यादवी युद्धाच्या काळातील पार्लमेंट सभासद राल्फ व्हर्नी याच्यावरील माझा लेख आपण बारकाईने वाचलात आणि नापसंती स्पष्ट शब्दांत कळवलीत, याबद्दल आभार. आपले म्हणणे असे की, मी ज्याला तत्त्वनिष्ठ म्हटले तो प्रत्यक्षात कुंपणावर बसणारा जमीनदार होता. वडील राजा पहिला चार्ल्स याच्यासाठी लढताना पडले, पार्लमेंटमधले सहकारी राजाविरुद्ध लढले, आणि हा मात्र इस्टेट वाचवण्यासाठी फ्रान्सला निघून गेला व निस्तरायला बायकोला पुढे केले. यातला शेवटचा मुद्दा मला मान्य आहे. बाकीचे मान्य नाही, आणि का नाही ते सविस्तर सांगतो.

इस्टेट वाचवणे हाच हेतू असता, तर सर्वांत स्वस्त मार्ग त्याच्या समोरच होता. सप्टेंबर 1643 मध्ये स्कॉटलंडची लष्करी मदत मिळवण्यासाठी पार्लमेंटने ‘सॉलम लीग अँड कव्हेनंट’ ही शपथ स्वीकारली आणि कॉमन्सच्या (पार्लमेंटच्या कनिष्ठ सभागृहाच्या) सभासदांनी ती घ्यावी असे ठरले. चर्चमधली बिशपांची (वरिष्ठ धर्माधिकाऱ्यांची) व्यवस्था मोडून काढणे हे त्या शपथेतले एक वचन होते. राल्फने सही केली असती, तर त्याची जागा राहिली असती आणि बकिंगहॅमशायरमधल्या क्लेडनच्या जमिनीलाही धक्का लागला नसता. मनाला न पटणारी शपथ त्याने घेतली नाही. त्याचे सभासदत्व 1645 मध्ये गेले, आणि राजाच्या बाजूने कधीही शस्त्र न उचललेल्या या माणसाची इस्टेट जप्तीत अडकली. दुसरी वाटही मोकळी होती. जानेवारी 1644 मध्ये राजाने ऑक्सफर्डला स्वतःचे पार्लमेंट भरवले, तिकडे तो गेला असता तर वडिलांच्या पुण्याईवर त्याचे स्वागतच झाले असते. पण तो तिकडेही फिरकला नाही. कुंपणावर बसणारा माणूस जिंकणाऱ्या बाजूला उतरण्याची वाट पाहतो, राल्फने मात्र दोन्ही बाजूंचा रोष ओढवून घेतला.

वडिलांविषयी आपण लिहिता ते खरे आहे, पण अर्धेच. सर एडमंड व्हर्नी राजाचे निशाण घेऊन 23 ऑक्टोबर 1642 रोजी एजहिलच्या लढाईत पडले. त्यांचे शव कधीच सापडले नाही. मात्र त्याआधी राजाचा सल्लागार एडवर्ड हाइड याच्याजवळ त्यांनी मन मोकळे केले होते: बिशपांविषयी आपल्याला आदर नाही, राजाने नमते घ्यावे असे वाटते, परंतु सुमारे तीस वर्षे ज्याचे अन्न खाल्ले त्याला सोडण्याचा नीचपणा आपण करणार नाही. खाल्ल्या मिठाला जागणे आपल्याला चटकन समजते, म्हणून वडील जवळचे वाटतात. मुलाची निष्ठा कमी दिसते, कारण ती कोणा व्यक्तीशी नव्हती. राजा आपल्याला विरोध करणाऱ्या कॉमन्सच्या पाच सभासदांना पकडायला सशस्त्र माणसे घेऊन आला, त्या 4 जानेवारी 1642 च्या दिवशी राल्फ सभागृहात होता. खिशात मावतील असे घडी घातलेले कागद गुडघ्यावर ठेवून पेन्सिलीने टिपणे काढण्याची त्याची पद्धत होती, आणि त्या दिवसाची टिपणेही उरली आहेत. ती वाचताना समोर जे घडते आहे ते नेमके नोंदवू पाहणारा माणूस मला दिसतो.

आता राल्फची बायको मेरी हिच्याविषयी. इथे आपण मला योग्य जागी पकडलेत. पुरुषाने येण्यापेक्षा बायकोने विनवणी केली तर जप्तीचा निर्णय घेणाऱ्या पार्लमेंटच्या समितीवर अधिक परिणाम होईल, असा सल्ला राल्फचे मामा डॉ. विल्यम डेंटन यांनी दिला आणि तो राल्फने मानला. मेरी 1646 च्या अखेरीस लंडनला आली तेव्हा गरोदर होती. ओळखीपाळखीच्या सभासदांचे उंबरे तिने झिजवले. पुढच्या वर्षी झालेला मुलगा काही महिन्यांतच गेला, आणि त्याच सुमारास फ्रान्समध्ये वडिलांपाशी असलेली मुलगी पेगही गेली. जानेवारी 1648 मध्ये जप्ती उठली, ती मेरीच्या चिकाटीमुळे. दोन वर्षांनी, मे 1650 मध्ये, ती फ्रान्समधील ब्लवा येथे वारली. तिचा देह पुरण्यासाठी क्लेडनला आणला गेला, पण राल्फला स्वतः परत येता आले ते 1653 मध्येच. 1696 मध्ये मृत्यू येईपर्यंत त्याने पुन्हा लग्न केले नाही.

हे सगळे मी मूळ लेखात एका ओळीत उरकले होते, ही माझी चूक. मेरीचा भाग तिथे आता विस्ताराने जोडला आहे. ‘तत्त्वनिष्ठ’ हा शब्द मात्र तसाच ठेवला आहे.