झाकण ठेवू का?

घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर परवा एक फोटो पडला. ताटलीत अननस घातलेलं चिकन, आणि खाली ओळ: 'जावईबापूंचा प्रयोग. वेळेवर झाकण ठेवलं म्हणून निभावलं.' त्याखाली नातेवाइकांच्या अंगठ्यांची ही लांब रांग. एक-दोघांनी हात जोडलेले. देवाला की मामांना, ते कळलं नाही. चिकन मी केलं होतं. झाकण मामांनी ठेवलं होतं. त्या चिकनचं जे काही झालं ते झाकणामुळे झालं, हे ग्रुपवर लिहिण्याची सोय नाही, कारण मामा आमच्या सासूबाईंचे थोरले भाऊ. म्हणून इथे लिहितो.

मामा बॉयलर इन्स्पेक्टर म्हणून निवृत्त झाले. वाफ नीट कोंडली आहे ना, हे बघण्यात सगळी नोकरी गेली. उघड्या भांड्यातून वाफ निघून जाताना त्यांना बघवत नाही. आणि आंबटगोड स्टर-फ्राय, म्हणजे मोठ्या आचेवर झटपट परतायचा पदार्थ, हा तर पहिल्यापासून शेवटपर्यंत वाफ घालवण्याचा उद्योग. पाणी १०० अंशांना उकळतं. कढईत पाणी साठलेलं असेल तोवर चिकनचा पृष्ठभाग त्याच्या वर जातच नाही. खरपूस तपकिरी रंग आणि ज्या वासाने माणसं स्वयंपाकघरात डोकावतात तो वास, हे प्रकरण साधारण १४० अंशांच्या पुढे जोर धरतं. मधल्या चाळीस अंशांत हा पदार्थ एक तर जमतो नाही तर उकडतो. उकडलेल्या करड्या तुकड्यांवर मग कितीही चकचकीत सॉस ओता, आतून ते उकडलेलेच राहतात.

म्हणून सुरुवात टिपण्यापासून. अर्धा किलो बोनलेस चिकन, शक्यतो मांडीचं. छातीच्या मांसात चरबी नावापुरती, मिनिटभर जास्त झालं की चोथा. मांडी दोन मिनिटं इकडेतिकडे सांभाळून घेते. अडीच सेंटिमीटरचे, एकसारखे तुकडे. छातीचंच हवं असेल तर धाग्यांना आडवे काप. मग कागदी रुमालाने एकेक तुकडा कोरडा.

"हे काय?" मामा दारात उभे. मामा स्वयंपाकघरात कधी आत येत नाहीत, दारात उभे राहून पाहणी करतात.

"पाणी टिपतोय, मामा."

"पाणी काढून टाकल्यावर शिजायचं कशात?"

"तेलात."

"तेलात तळतात, जावईबापू. शिजतं पाण्यात."

यावर काय बोलणार? मी लेप कालवायला घेतला. एका अंड्यातलं पांढरं, एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर, दोन छोटे चमचे सोया सॉस, एक छोटा चमचा तेल, थोडी मिरपूड. मोठा चमचा म्हणजे १५ मिली, छोटा म्हणजे ५. 'अंदाजाने' म्हणणाऱ्यांचे अंदाज दर वेळी वेगळे येतात, म्हणून सांगून ठेवतो. चिकनला हा लेप चोळून वीस मिनिटं ठेवायचं. कॉर्नफ्लोअरचा पातळ थर मांसाचा रस आत धरतो आणि पुढे सॉसही याच थराला चिकटतो. लेप पातळ होऊन ओघळायला लागला तर अंड्याचं पाणी जास्त झालंय, ते निथळून टाकायचं.

या लेपात अननसाचा रस घालण्याची बुद्धी बऱ्याच जणांना होते. घालू नका. ताज्या अननसात ब्रोमेलेन नावाचं विकर (एन्झाइम) असतं आणि प्रथिनं तोडणं हेच त्याचं काम. पाच-दहा मिनिटांत फार बिघडत नाही; तासभर विसरलात तर तुकड्यांचा बाहेरचा भाग पिठूळ होतो, बोटाने दाबला की दबलेलाच राहतो. ताजं अननस घातलेली जिलेटिनची जेली घट्ट होत नाही ती याच विकरापायी. डब्यातल्या अननसाने ती व्यवस्थित जमते, कारण डबाबंद करताना अननस तापवलेलं असतं आणि त्या उष्णतेत विकर निकामी होतं. सॉसमध्ये मात्र ताजा रस बिनधास्त घाला, तिथे त्याला उकळी फुटणारच आहे.

अननस निवडताना बुडाशी वास घ्यायचा. गोड वास आला तरच उचलायचं. झाडावरून काढलेलं अननस घरी ठेवून पिवळं होतं, मऊ होतं, पण अधिक गोड होत नाही, कारण साखरेत बदलायला आत पिष्टाचा (स्टार्चचा) साठाच नसतो. 'ठेवा दोन दिवस, होईल गोड' असं सांगणाऱ्या विक्रेत्याला हे ठाऊक असतं की नाही, देव जाणे. बुडाकडचा भाग शेंड्यापेक्षा गोड असतो, तो या पदार्थाला घ्या. अडीचशे ग्रॅम फोडी, दोन सेंटिमीटरच्या. चाळणीत निथळत ठेवायच्या, नाही तर इतका वेळ टिपलेलं पाणी या मागच्या दाराने परत आत येतं.

आता सॉस. तो गॅस पेटवायच्या आधी तयार हवा, कारण एकदा कढई तापली की सगळा खेळ बारा-पंधरा मिनिटांचा आणि त्यात व्हिनेगरची बाटली शोधायला वेळ नसतो. अननसाचा रस १२० मिली, व्हिनेगर तीन मोठे चमचे, ब्राऊन शुगर दोन मोठे चमचे, सोया सॉस दोन मोठे चमचे, टोमॅटो केचप एक मोठा चमचा, लाल मिरचीचे तुकडे अर्धा छोटा चमचा. वेगळ्या वाटीत दोन छोटे चमचे कॉर्नफ्लोअर, दोन मोठे चमचे थंड पाण्यात. गरम पाण्यात कालवलंत तर गुठळ्या होतात आणि त्या पुढे कशानेच मोडत नाहीत. डब्यातलं अननस पाकातलं असेल तर साखर निम्मी करा. वाटीतला सॉस चाखून बघताना तो जरा जास्तच आंबट लागायला हवा, कारण व्हिनेगरचा थोडा झणका उकळताना उडून जातो आणि वर अननसाच्या फोडी गोडवा आणतात.

मामांनी दारातूनच हात लांबवून, बोट बुडवून चाखलं.

"गोड आहे."

"आंबटगोड आहे, मामा."

"एक काय ते ठरवा. हे जेवणात वाढायचंय की जेवणानंतर?"

"जेवणात."

"मग फळ कशाला?"

"केचपमधला टोमॅटोही फळच की, मामा."

मामांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. "टोमॅटो फळ असता तर आजाऱ्याला भेटायला जाताना लोकांनी नेला असता."

याला उत्तर आहे का? वनस्पतिशास्त्राचं आख्खं पुस्तक समोर धरलं तरी या वाक्यापुढे टिकत नाही. मामांच्या बाजूने तर मोठमोठी माणसं आहेत. आइसलँडचे तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष २०१७ मध्ये शाळकरी मुलांपुढे म्हणाले होते की हातात असतं तर पिझ्झ्यावरच्या अननसावर बंदी घातली असती. जगभर गदारोळ झाला आणि त्यांना खुलासा करावा लागला की असा अधिकार राष्ट्राध्यक्षाला नाही, आणि नसलेलाच बरा. तो पिझ्झा हवाईच्या नावाने ओळखला जातो, पण केला कॅनडात, १९६२ मध्ये, सॅम पॅनोपुलोस या ग्रीसहून आलेल्या हॉटेलवाल्याने. त्याच्या मागे कोण मामा उभे होते याची नोंद नाही. निदान राष्ट्राध्यक्षांना आपला अधिकार कुठे संपतो हे माहीत होतं. स्वयंपाकघराच्या दारात उभ्या राहणाऱ्यांना ते कोण सांगणार?

असो. कढई रिकामी तापवायची, हलका धूर दिसेपर्यंत. मग दीड मोठा चमचा रिफाइंड तेल. तिळाचं भाजकं तेल इथे नाही, ते जळून कडू होतं. ते शेवटी, गॅस बंद केल्यावर, एक छोटा चमचा, वासापुरतं. निम्मं चिकन एका थरात पसरायचं आणि मिनिटभर हात लावायचा नाही. सुरुवातीला ते कढईला धरून बसतं. खालून रंग आला की आपणच सुटतं. त्याआधी उलथनं घातलंत की लेप कढईला आणि चिकन उघडं.

"हलवा, हलवा, लागेल!" दारातून.

"लागायलाच हवं थोडं."

"आणि उरलेलं का ठेवलंय?"

"दोन घाण्यांत करायचंय."

"दोनदा गॅस जाळणार! एकदम टाका की सगळं."

एकदम का नाही टाकायचं, तर घरच्या शेगडीत तेवढी धग नसते. अर्धा किलो थंड चिकन एका वेळी पडलं की कढई गार होते, तुकड्यांना पाणी सुटतं, ते उडून जायच्या आत आणखी सुटतं आणि चिकन आपल्याच पाण्यात पोहायला लागतं. दोन घाण्यांना एकूण वेळ कमीच लागतो. पहिला घाणा तीन-चार मिनिटांत सुरेख झाला. उतरवला. दुसरा टाकला, आणि दाराची बेल वाजली. शेजाऱ्यांचं पार्सल. सही करून परत येतो तो कढईवर स्टीलचं झाकण आणि झाकणावर मामांचा हात. मामा पहिल्यांदाच आत आले होते.

"मामा, झाकण..."

"ठेवलंय. तुम्ही उघडं टाकून गेला होतात."

"काढा ते, पाणी सुटेल."

"थांबा, आत्ता कुठे वाफ धरतेय. मध्येच उघडलं की सगळी उष्णता जाते."

"वाफच जायला हवी!"

मामांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी एखाद्या बॉयलरला भोक पाडायला निघालोय. झाकण निघालं तेव्हा आतल्या बाजूने थेंब टपटपत होते, परत चिकनवरच. खाली पांढुरकं पाणी. लेपातलं कॉर्नफ्लोअर त्यात फुगून बुळबुळीत झालेलं.

"बघा, रस्सा सुटला," मामा म्हणाले. समाधानाने.

अशा वेळी काय करायचं ते लिहून ठेवतो, कारण मामा घरोघरी असतात. तुकडे झाऱ्याने ताबडतोब बाहेर काढा. सुटलेलं पाणी फेकू नका, रसातलं तेवढंच कमी करून ते सॉसमध्ये घाला. उकळी फुटणारच आहे. कढई पुसा, पुन्हा धूर येईपर्यंत तापवा, ताजं तेल, आणि तुकडे पसरून दीड मिनिट मोठ्या आचेवर. कडा थोड्या रंगतात. पहिल्या घाण्याची बरोबरी होत नाही. मांडीचं असेल तर निभावतं. छातीचं असेल तर त्याचं सूप करा. आतून शिजल्याची खात्री हवी असेल तर थर्मामीटर, सगळ्यात जाड तुकड्याच्या मध्यभागी ७४ अंश.

पुढचं झटपट. त्याच कढईत निथळलेल्या फोडी दोन मिनिटं, न हलवता, कडांना डाग पडेपर्यंत, मग बाहेर. एका कांद्याच्या पाकळ्या आणि दोन रंगांच्या सिमला मिरच्या दीड-दोन मिनिटं, करकरीत राहतील इतपतच. मध्ये जागा करून एक मोठा चमचा बारीक आलं-लसूण, अर्धं मिनिट. लसूण आधी टाकला तर कांदा होईपर्यंत काळा पडतो. चिकन परत आत. सॉस कडेने. उकळी आली की कॉर्नफ्लोअरची वाटी पुन्हा ढवळून, कारण ते तळाशी बसलेलं असतं, धार धरून घालायची आणि हलवत राहायचं. मिनिटभरात सॉस पारदर्शक होतो, चमच्याला धरतो. तिथे थांबायचं. आणखी घट्ट होईल या आशेने उकळत ठेवलात तर आंबटपणा पिष्टाला मोडतो आणि सॉस परत पातळ. फोडी शेवटी. साखरेचा सॉस आधी आणि चिकन नंतर, असा उलटा क्रम कधीच नको. चिकन कच्चं आणि कढई कोळसा होते.

मामा दोनदा वाढून घेऊन जेवले. अननसाच्या फोडी ताटाच्या कडेला ओळीने मांडून ठेवल्या आणि सगळ्यात शेवटी खाल्ल्या, 'जेवणानंतर फळ' म्हणून. मऊ तुकडा आला की "हा माझा" म्हणायचे. खरपूस आला की नुसतेच चावायचे. बायकोनेही मऊ तुकड्यांना मान डोलावली, हे मला जरा लागलं. बाजार मी केला, चिरलं मी, टिपलं मी, आणि ग्रुपवर फोटो गेला तो झाकणाच्या नावाने. सासूबाईंचा तर फोनही आला: "दादा होता म्हणून बरं!"

उरलेलं दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये, आणि लोखंडी कढईत तर मुळीच ठेवायचं नाही. अननस आणि व्हिनेगर मिळून कढईवरचा तेलाचा मुरलेला थर खातात, चवीला लोखंड उतरतं. कढई त्याच रात्री घासायला लागते. जळकी साखर निघत नसेल तर पाणी घालून उकळायचं, लाकडी उलथन्याने खरवडायचं, मग गॅसवर कोरडी करून तेलाचा पुसट हात. मी तेच करत होतो. रिकाम्या कढईखाली गॅस बघून मामांनी दारातूनच विचारलं, सिलिंडर किती दिवस पुरतो तुम्हाला?