कॅमेऱ्यापुरते शिवलेले कपडे?

"उत्तर ध्रुवाजवळच्या बर्फाळ प्रदेशातील इन्युइट लोकांची मूळ संस्कृती केव्हाच संपली असून, पडद्यावर दिसणारे त्यांचे कातडी पोशाख हा निव्वळ कॅमेऱ्यासाठी मांडलेला देखावा आहे," असा दावा सध्या सर्रास केला जातो आणि पुरावा म्हणून १९२२ चा 'नानूक ऑफ द नॉर्थ' हा इन्युइट जीवनावरचा माहितीपट पुढे केला जातो.

त्याचे दिग्दर्शक रॉबर्ट फ्लाहर्टी यांनी बंदूक वापरणाऱ्या शिकाऱ्याच्या हाती हार्पून (दोरी बांधलेला शिकारी भाला) दिला आणि चित्रीकरणाला उजेड मिळावा म्हणून इग्लूची (बर्फाच्या घराची) एक बाजू उघडी ठेवली, हे खरेच आहे. मात्र ते निर्णय बाहेरून आलेल्या दिग्दर्शकाचे होते. १९९१ मध्ये कॅनडाच्या उत्तरेकडील इग्लुलिक गावातल्या स्त्रियांनी उभ्या केलेल्या 'अर्नाइत' या चित्रसंस्थेचा न्याय त्यावरून करता येत नाही. (अर्नाइत या शब्दाचा अर्थच 'स्त्रिया' असा आहे.)

पोशाखांविषयीचा आक्षेप तर शिवणकामाच्या अज्ञानातून आलेला आहे. अभिनेत्री व वेशभूषाकार अतुआत अक्कितिर्क यांनी 'अतानारजुआत' (२००१) आणि अर्नाइतचा 'बिफोर टुमॉरो' (२००८) या चित्रपटांच्या वेशभूषेचे काम केले. ही विद्या किती बारकाव्याची आहे, हे जवळून पाहिल्याशिवाय कळत नाही. कॅरिबूचे (उत्तरेकडील रेनडिअर हरणाचे) केस आतून पोकळ असल्याने ऊब धरून ठेवतात. म्हणून आतल्या झग्याची लव अंगाकडे आणि बाहेरच्याची बाहेर ठेवली जाते. सीलच्या कातडीचे बूट शिवताना सुई कातडीच्या जाडीतच फिरवतात, आरपार जाऊ देत नाहीत, कारण एक भोक पडले तरी पाणी आत शिरते आणि त्या थंडीत ओला पाय जिवावर बेततो. शिवायला वापरलेली जनावराच्या कंडरेची (स्नायू हाडाला जोडणाऱ्या तंतूंची) दोरी भिजली की फुगते आणि टाका आणखी घट्ट बसतो. नुसत्या देखाव्याला एवढी काळजी कोण घेईल?

संस्कृती संपली, हेही खरे नाही. रोजच्या वापरात कारखान्यातली जाकिटे आली आहेत, पण पाठीवर मूल ठेवण्याची जागा असलेला 'अमाउती' हा बायकांचा झगा आजही अनेक घरांत शिवला जातो, बहुधा कापडाचा. चित्रपट केला की जुने कातडी पोशाख पुन्हा शिवावे लागतात आणि त्या निमित्ताने जाणत्या बायकांच्या हातातले टाके तरुण हातांत जातात.

'बिफोर टुमॉरो'मध्ये मॅडलीन इवालू यांनी आजीची भूमिका केली, सहदिग्दर्शनही केले, आणि पडद्यावरचा नातू म्हणून त्यांच्यासोबत त्यांचाच सख्खा नातू उभा राहिला. दोघे इनुक्टिटुट या इन्युइट भाषेतच बोलतात.