स्मोक्तुनोव्हस्कीचे न हलणारे ओठ

नमस्कार. स्मोक्तुनोव्हस्कीवरच्या माझ्या लेखावरची तुमची प्रतिक्रिया परवा रात्री वाचली, काल सकाळी पुन्हा वाचली. तुमचे आक्षेप दोन आहेत. इनोकेंती स्मोक्तुनोव्हस्कीला मी उगाच सोसलेला माणूस करून टाकलं, प्रत्यक्षात तो सोव्हिएत सरकारचा लाडका नट होता, हा पहिला. आणि चित्रपटातला त्याचा हॅम्लेट थंड आहे, स्वगत म्हणताना त्याचे ओठसुद्धा हलत नाहीत, हा दुसरा.

पहिल्यातली एक गोष्ट मला मान्य आहे. १९६५ साली त्याला लेनिन पारितोषिक मिळालं आणि त्याच वर्षी एका चित्रपटात त्यानं खुद्द लेनिनची भूमिका केली. लेखात पारितोषिक आलं, भूमिका राहून गेली. ती यायला हवी होती. आता घातली आहे.

पण १९६५ सालच्या मानमरातबानं १९४३ पुसलं जात नाही. दुसऱ्या महायुद्धात कुर्स्कला लढलेलं, नीपर नदी ओलांडून आलेलं हे पोर त्या डिसेंबरात कीवजवळ जर्मनांच्या हाती सापडलं. वय अठरा. महिनाभरानं तो निसटला आणि एका युक्रेनी कुटुंबानं त्याला घरात लपवलं. पकडला गेला असता तर त्या घराचंही काही खरं नव्हतं. पुढे तो पार्टिझनांना, म्हणजे जर्मनांविरुद्ध गनिमी लढा देणाऱ्यांना, मिळाला, तिथून पुन्हा सैन्यात गेला, युद्ध संपेपर्यंत लढला. एवढं करूनही स्तालिनच्या राज्यात शत्रूच्या कैदेत राहून आलेला माणूस संशयितच. म्हणून १९४६ मध्ये तो आपण होऊन नोरिल्स्कला गेला. आर्क्टिक वृत्तापलीकडचं, छावणीतल्या कैद्यांच्या हातांनी उभं राहिलेलं शहर. इथून आणखी लांब पाठवणार तरी कुठे, असा त्याचा हिशेब होता! तिथल्या नाटकगृहात त्यानं वर्षं काढली. लेनिनग्राडला दिग्दर्शक तोव्स्तोनोगोव्हनं त्याला दस्तयेव्हस्कीच्या ‘इडियट’वरच्या नाटकातली नायक मिश्किनची भूमिका दिली ती १९५७ साली. तोवर तिशी उलटून गेली होती. ज्याला तुम्ही लाडका म्हणता, त्याच्या तरुणपणाला त्या सरकारनं हातही दिला नव्हता.

आता हॅम्लेट. मराठी रंगभूमीवर हॅम्लेट गाजवणाऱ्या गणपतराव जोशींच्या आख्यायिका ऐकत वाढलेल्या आपल्या कानांना स्वगत म्हणजे खणखणीत आवाज हवा असतो, हे मी समजू शकतो. माझीही पहिल्यांदा हीच तक्रार होती. मग दिग्दर्शक कोझिंत्सेव्हच्या १९६४ च्या ‘हॅम्लेट’ चित्रपटातला दरबाराचा प्रसंग नीट पाहिला. हॅम्लेट गर्दीतून चालतोय, सरदार-दरकदार बाजूनं जाताहेत, आणि त्याचं पहिलं स्वगत आपल्याला फक्त ऐकू येतं. तोंड मिटलेलं. का? कारण या किल्ल्यात प्रत्येक पडद्याआड कुणीतरी कान देऊन उभं आहे. इथे मनातलं ओठांवर आलं की माणूस गेलाच. ‘जगावं की मरावं’ हे तो समुद्रकाठच्या खडकांत, एकटा असताना म्हणतो, तेव्हाही ते आतल्या आतच म्हणतो. ही सवय एकांतातही सुटत नाही. मला हा थंडपणा वाटत नाही, मला अंगावर काटा येतो.

आणि जिथे बोलायचं तिथे तो बोलतोच की. बासरीचा प्रसंग आठवा. साधी बासरी वाजवता येत नाही म्हणता आणि मला वाजवायला निघालात, हे तो राजासाठी हेरगिरी करणाऱ्या दोन्ही मित्रांना तोंडावर सुनावतो. शब्द रशियन कवी पास्तरनाकच्या भाषांतरातले. पास्तरनाक १९६० मध्येच गेला, हा चित्रपट त्याला बघायला मिळाला नाही, याची हळहळ मला दर वेळी वाटते.

कैदेतलं आयुष्य आठवून त्यानं हॅम्लेट केला, असा माझा दावा नाही. पण मनातलं मनात ठेवून जगणं म्हणजे काय, हे त्याला कुणी शिकवायची गरज नव्हती, एवढं मी ठामपणे म्हणतो.

जाता जाता एक गोष्ट. नोरिल्स्कच्या त्याच नाटकगृहात कोलिमाच्या श्रमछावणीतून सुटलेला आणि पुन्हा हद्दपार झालेला गिओर्गी झ्योनोव्ह हा नट त्याच्याबरोबर काम करत होता. १९६६ च्या रियाझानोव्हच्या ‘गाडीपासून सावध’ या विनोदी चित्रपटात स्मोक्तुनोव्हस्की गाडी पळवतो आणि मोटारसायकलवरून त्याचा पाठलाग करणारा वाहतूक पोलीस आहे झ्योनोव्ह. लोक त्या पाठलागाला हसतात. मीही हसतो, पण हे दोघं कुठून आले ते मला विसरता येत नाही.

हॅम्लेट पुन्हा लावलात तर दरबाराचा तो प्रसंग एकदा आवाज बंद करून बघा. नुसते डोळे बघा. मग जे वाटेल ते इथे नक्की लिहा, माझ्या विरोधात असलं तरी चालेल.