वादातला दावा न्यायाधीशापुढेच का चालावा : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार सर,

नुकसानभरपाईचा वादातला दावा न्यायाधीशापुढेच चालावा, असं मी लिहिलं होतं. त्यावरच्या सविस्तर प्रतिक्रियेबद्दल आभार. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: कामावर जखमी झालेल्या माणसाला कोर्टाची पायरी चढायला लावणं हाच अन्याय आहे. नुकसानभरपाई कामगार खात्याच्या अधिकाऱ्याने आणि सरकारी डॉक्टरने कागद बघून महिन्याभरात ठरवावी. ‘तुम्हाला कामगारापेक्षा कोर्टाचं प्रेम जास्त’ असंही तुम्ही लिहिलंत.

मालकाला अपघात मान्य, पगार मान्य, तिथे तुमचं पूर्ण पटतं. उरतो फक्त हिशोब. मृत्यू असेल तर महिन्याच्या पगाराच्या निम्मी रक्कम गुणिले वयानुसार ठरलेला आकडा. त्यासाठी न्यायाधीश कशाला? मी लिहिलं होतं ते मालक हात वर करतो त्या दाव्यांबद्दल.

आपल्याच भागातलं बघा. ऊसतोडीच्या हंगामात वाळवा-कराडकडे बीडच्या टोळ्या येतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. उचल (आगाऊ रक्कम) नवऱ्याच्या नावावर, कारखान्याशी करार मुकादमाचा, म्हणजे टोळी आणणाऱ्याचा, नाहीतर वाहतूकदाराचा. बाईचं नाव बहुतेक वेळा कुठल्याच कागदावर नसतं. डोक्यावर मोळी घेऊन ट्रॉलीच्या फळीवर चढताना ती घसरली आणि कंबर मोडली, तर कारखाना म्हणणार ही आमची कामगारच नाही. मुकादम म्हणणार मी नुसती माणसं आणली. तुमचा अधिकारी कागद बघणार, आणि कागदात ती बाईच नाही! कंत्राटदारामार्फत काम करून घेणाऱ्या मुख्य मालकावर कायद्याने जबाबदारी येते, पण ती बाई फडात राबत होती हे आधी सिद्ध व्हायला हवं. त्यासाठी मुकादमाला शपथेवर उभं करून विचारावं लागतं: उचल किती कोयत्यांची दिली? एका कोयत्यात माणसं किती? उलटतपासणीशिवाय हे बाहेर येत नाही.

डॉक्टरच्या टक्केवारीचंही तसंच. एका सुताराचा डावा हात कोपराच्या वरून काढावा लागला. कायद्यातलं टक्केवारीचं कोष्टक बघितलं तर ते अंशतः अपंगत्व. पण एका हाताने सुतारकी होत नाही, म्हणून भरपाई ठरवणाऱ्या आयुक्तांनी पूर्ण अपंगत्व धरलं आणि १९७५ साली सर्वोच्च न्यायालयाने ते कायम ठेवलं. हात किती गेला हे डॉक्टर सांगेल. रोजीरोटी किती गेली, हा निवाडा आहे.

विलंबाबद्दलचा तुमचा राग मात्र रास्त आहे. धाराशिवकडच्या एका साखर कारखान्याचा रखवालदार २००३ मध्ये पहाटेच्या पाळीला जाताना अपघातात गेला. भरपाईचा आदेश २००९ ला झाला, उच्च न्यायालयाने तो रद्द केला आणि सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये पुन्हा बहाल केला. बावीस वर्षं! वाचताना जीव तुटतो. पण त्यातली सोळा वर्षं अपिलांत गेली. खाली न्यायाधीशाऐवजी अधिकारी बसवला असता, तरी कारखान्याची विमा कंपनी वर गेलीच असती.

आणि हा वाद आता नुसता चर्चेपुरता नाही. २१ नोव्हेंबर २०२५ पासून सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली, १९२३ च्या नुकसानभरपाई कायद्यातल्या आयुक्तांच्या जागी ‘सक्षम प्राधिकारी’ आला. राजपत्रित अधिकाऱ्याला नेमायची मुभा २००९ च्या दुरुस्तीपासूनच आहे. तरी आपल्याकडे हे काम बहुधा कामगार न्यायालयाचे किंवा वरिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीश बघत आले. आता औद्योगिक संबंध संहितेत कामगार न्यायालयंच उरत नाहीत, त्यामुळे ही खुर्ची बदल्यांच्या आणि अतिरिक्त कार्यभाराच्या फेऱ्यातल्या अधिकाऱ्याकडे जाण्याची मला खरी भीती वाटते.

तुमची घाई पैशांसाठी आहे, माझीही आहे. जेवढी रक्कम मालकाला मान्य आहे तेवढी लगेच भरायची, हे जुन्या कायद्यातही होतं. उशीर केला तर १२ टक्के व्याज, वर ५० टक्क्यांपर्यंत दंड. मालकाला अपील करायचं तर रक्कम आधी जमा करावी लागे. त्या जमा रकमेतली निम्मी तरी अपील चालू असताना कुटुंबाला काढता यावी, अशी स्पष्ट तरतूद राज्याच्या नियमांत मागूया. त्या मागणीच्या अर्जावर तुम्ही माझ्यासोबत सही कराल का?