आधी गोटे, मग कोळंबी

पाऊस सुरू झाला की बडोद्यात भज्यांना कोणाचीच ना नसते. भज्याच्या पोटात काय दडले आहे, एवढाच काय तो प्रश्न असतो. आमचे घर दांडिया बाजारात. सयाजीराव महाराजांच्या राज्यात (१८७५ ते १९३९) नोकरीसाठी आलेल्या पणजोबांनी कोकणचा समुद्र मागे ठेवला, पण जीभ सोबत आणली, आणि त्या चुकीची भरपाई आमची चौथी पिढी एका संपूर्ण शाकाहारी मजल्यावर, खिडक्या लावून घेऊन, करत आहे.

आईने यावर काढलेला तोडगा असा की ज्या दिवशी कोळंबीची भजी, त्या दिवशी आधी मेथीचे गोटे, म्हणजे मेथीची गोल गुजराती भजी. मेथी, ओवा आणि भरडलेल्या मिऱ्या-धण्यांचा वास एकदा जिन्यात पसरला, की त्याच्या आड पुढचे सगळे खपून जाते. मात्र ताज्या तेलात पहिले गोटे तळून ते मजल्यावर वाटायचे आणि मगच त्या तेलात कोळंबी सोडायची, हा क्रम कधीही उलटायचा नाही; वास लपवणे हा मुत्सद्दीपणा असला तरी शेजाऱ्याला न सांगता बाटवणे ही निव्वळ लबाडी, असे तिचे मत आहे आणि ते मलाही मान्य आहे. परिणामी अर्धा किलो कोळंबी खाण्यासाठी मला किलोभर पिठाचे गोटे तळावे लागतात.

त्या अर्ध्या किलोतही गोठवलेल्या पाकिटातला बर्फ धरलेला असतो, हे तो वितळल्यावर कळते. उरलेली कोळंबी घेऊन मी चष्मा लावून बसलो. पाठीच्या दुसऱ्या-तिसऱ्या पेराखाली दातकोरणी टोचून हलके उपसले, तर काळा दोरा अखंड बाहेर येतो. मधेच तुटला, तर बसा चीर देऊन कोरत. पोटाकडून दोन-तीन आडव्या चिरा दिल्या म्हणजे कोळंबी तळताना वळत नाही. सोलताना शेपट्या मात्र मी शोभेसाठी तशाच ठेवल्या.

"अरे, शेपटीचं टोक काप आणि सुरीनं निपट. पाणी असतं त्यात," आई म्हणाली.

"एवढ्याशा शेपटीत कसलं आलंय पाणी!"

गोटे वाटून झाले. कोळंबी फडक्याने टिपली, कोरड्या पिठात घोळवली, चण्याच्या आणि तांदळाच्या पिठात बुडवली आणि थेंबभर पीठ टाकताच वर येते आहे, हे पाहून तेलात सोडली. पाणी तेलापेक्षा जड असल्याने ते खाली जाते, तिथे त्याची क्षणात वाफ होते, ती वाफ सुमारे १,७०० पट जागा मागते आणि वरचे तेल उडवून ती मिळवते. शाळेत शिकलेले हे शास्त्र मला चौथ्या कोळंबीला आठवले. तेल मनगटावर, चष्म्यावर आणि भिंतीवरच्या कालनिर्णयाच्या थेट संकष्टीवर उडाले. मी जी किंकाळी फोडली, तिच्यापुढे मेथीचा वास काय करणार?

समोरच्या बेन कढीचे पातेले घेऊन दारात उभ्या राहिल्या. गोट्यांचे ताट रिकामे परत पाठवायचे नाही, म्हणून त्या तशाही येणारच होत्या.

"शुं थयुं, भाई?"

"काही नाही, बेन. गोटा फुटला."

त्यांनी माझ्या खांद्यावरून ओट्याकडे पाहिले. तिथे थाळीत तीन भजी निथळत होती आणि प्रत्येकीतून एक लालबुंद शेपटी ऐटीत वर आली होती.

"मेथीची दांडी राहिली जरा," आई आतून म्हणाली. ऐंशी वर्षांत ती इतके उघड खोटे बोलल्याचे मला आठवत नाही.

बेननी कढीचे पातेले माझ्या भाजलेल्या हातात न देता शांतपणे कपाटावर ठेवले आणि त्या जाण्यासाठी वळल्या.

"बीजी वार दांडी कापी नाखजो, भाई," त्या म्हणाल्या. "एमां पाणी रहे छे."