माइक ली आणि बिनसंहितेची दंतकथा

शॉर्टफिल्म करणाऱ्यांमध्ये एक गोष्ट सतत फिरत असते. ब्रिटिश दिग्दर्शक माइक ली पटकथा लिहीतच नाही. नट गोळा करतो, कॅमेरा लावतो, नट सुचेल ते बोलतात, आणि तरी कान चित्रपट महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक ‘पाम द’ओर’ मिळतं! सोबत फुकटचा सल्ला: तुम्हीही लिहीत बसू नका, असा चित्रपट स्वस्त आणि झटपट होतो.

पटकथा नसते, हे सुरुवातीपुरतं खरं. ली प्रत्येक नटासोबत एकेकटा बसतो, त्याच्या ओळखीतल्या माणसांवरून पात्र उभं करतो, त्याचं बालपण, नोकरी, नातीगोती ठरवतो. मग पात्रं समोरासमोर आणून तासन्‌तास उत्स्फूर्त प्रसंग घडवतो. नियम एकच: पात्राला जेवढं ठाऊक, तेवढंच नटाला. ‘व्हेरा ड्रेक’मध्ये (२००४) व्हेराच्या घरच्यांचं काम करणाऱ्या नटांना ती चोरून इतर बायकांचे गर्भपात करते याचा पत्ताच नव्हता. तालमीत पोलीस दारात आले, तेव्हा कळलं.

पण हे सगळं कॅमेरा येण्याआधीचं. कित्येक महिन्यांच्या तालमींतून जे हाती लागतं ते ली छाटतो, प्रसंगांचा थोडक्यात आराखडा लिहितो आणि चित्रीकरणाच्या जागी पुन्हा तालीम करून वाक्यन्‌वाक्य पक्कं करतो. शॉट सुरू झाल्यावर मनचं बोलायला जवळपास वावच नसतो. ‘सीक्रेट्स अँड लाइज’मधला (१९९६) कॅफेतला प्रसंग हटकून उत्स्फूर्ततेचा पुरावा म्हणून दाखवला जातो. आई आणि तिने जन्मतःच दत्तक दिलेली मुलगी शेजारी बसल्यात, कॅमेरा जागचा हलत नाही, सात-आठ मिनिटं एकच शॉट. ही आपली मुलगी नव्हेच असं आधी ठामपणे म्हणणाऱ्या आईच्या, म्हणजे ब्रेंडा ब्लेथिनच्या, चेहऱ्यावर जुनी आठवण उमटते, तो क्षण बघाच. अशा शॉटमध्ये एक वाक्य भरकटलं तर संकलनात सावरायची सोय नसते. ते जागेवर सुचल्यासारखं वाटतं, ही तालमीची करामत.

‘मग लेखक नटच की!’ हा आक्षेप मात्र उडवून लावण्यासारखा नाही. सुरुवातीच्या टीव्हीवरच्या कामांत ली स्वतःही लेखक म्हणून नाव लावत नसे. पण काय ठेवायचं, काय टाकायचं, कुठला प्रसंग कुठल्या प्रसंगापुढे, हे तोच ठरवतो. माझ्या मते लेखन म्हणतात ते हेच. ऑस्करने मूळ पटकथेसाठी त्याला पाचदा नामांकन दिलं (पुतळा एकदाही नाही, ती वेगळी रड). ‘ॲबिगेल्स पार्टी’ हे नाटक १९७७मध्ये याच पद्धतीने उभं राहिलं. त्यात ॲलिसन स्टेडमनने घडवलेली बेव्हर्लीची भूमिका आज दुसऱ्या नट्या छापील संहितेवरून करतात. संहिताच नसती, तर त्यांनी काय पाठ केलं?

राहिलं ‘स्वस्त आणि झटपट’. ‘मिस्टर टर्नर’साठी (२०१४) चित्रकार टर्नरचं काम करणारा टिमथी स्पॉल सुमारे दोन वर्षं चित्रकला शिकत होता. आणि दाखवायला पटकथा नसली की निर्मात्याकडे पैसे मागायचे तरी कशाच्या जोरावर? लीचा पहिला चित्रपट ‘ब्लीक मोमेंट्स’ १९७१चा. चित्रपटगृहांसाठीचा पुढचा, ‘हाय होप्स’, थेट १९८८चा. मधली १७ वर्षं त्याने नाटकांवर आणि मुख्यतः बीबीसीच्या टीव्ही-चित्रपटांवर काढली.