पात्रांव (साहेब) आधी येतो, शेवटी जातो, म्हणून कारखाना चालतो?

व्हॉट्सअॅपवर एक मजकूर फिरतोय: खरा नेता सगळ्यांच्या आधी येतो, शेवटी जातो, प्रत्येक कामात स्वतः हात घालतो, त्याच्या केबिनचं दार कायम उघडं असतं आणि तो सणालाही रजा घेत नाही. गोव्यातल्या वेर्ण्याच्या औषध कारखान्यात हे तंतोतंत पाळलं तर काय होईल?

प्रत्येक कामात हात. यातला सगळ्यात धोकादायक सल्ला हाच. पॅकिंग लाइनवर नवी बॅच घेण्याआधी लाइन क्लिअरन्स करावा लागतो. जुन्या बॅचचे कार्टन, माहितीपत्रकं, स्ट्रिप्स कन्व्हेयरखालून, कार्टन मॅगझिनमधून (मशीनवर कार्टन रचून ठेवायच्या जागेतून), कचऱ्याच्या डब्यातूनही काढायच्या; प्रिंटरवरचा बॅच नंबर आणि मुदतीची तारीख बदलायची; उत्पादन विभागाची सही, मग क्वालिटीची स्वतंत्र तपासणी. घाईच्या वेळी साहेबच वाकून कार्टन गोळा करू लागले, की त्यांचं काम तपासायची हिंमत कोण करणार? क्वालिटीवाला मुकाट सही करतो. राहून गेलेलं एक कार्टन पुढच्या बॅचमध्ये मिसळलं, तर माल बाजारातून परत मागवण्याची पाळी येते. साहेबांनी खरं तर वेळापत्रकात या कामाला पुरेसा वेळ ठेवायचा, आणि तपासणाऱ्याने लाइन अडवली तर त्याची बाजू घ्यायची.

आधी येणं, शेवटी जाणं. तीन पाळ्यांच्या कारखान्यात शेवट कुठला? जनरल शिफ्टवाले मात्र साहेब उठेपर्यंत बसून राहतात आणि कंपनीची बस चुकवतात. आठवड्याला ४८ तासांची मर्यादा १९४८च्या कारखाना कायद्यापासून आहे, पुढच्या कामाला दुप्पट दर. नुसतं ताटकळणं कुठेच मोजलं जात नाही. त्यापेक्षा पाळी बदलतानाची पंधरा मिनिटं सांभाळा. मशीनची स्थिती, अर्धवट बॅच, बिघाड, गैरहजर माणसं हे वहीत लिहायचं आणि येणाऱ्याने ते आपल्या शब्दांत परत सांगायचं. एकाच लाइनवर कोंकणी, मराठी, हिंदी, कन्नड बोलणारे असतात. ‘सगळें बरें आसा’ एवढ्यावर पाळी सोपवली, तर रात्री दोन वाजता फोन येणारच.

उघडं दार? चालू मशीन सोडून गाऊन-टोपीतला ऑपरेटर केबिनपर्यंत येत नाही. येतात ते बोलघेवडे. ठरल्या वेळी आपणच लाइनवर जावं, आणि ‘ठीक ना?’ऐवजी ‘काल मशीन कुठे अडलं?’ असं विचारावं.

राहिली रजा. चवथीला, म्हणजे गणेश चतुर्थीला, निम्मा कारखाना गावी जाऊ पाहतो. एकटे साहेब थांबून मशीन चालत नाही. दोन महिने आधी प्रत्येक मशीनला किमान किती माणसं लागतात ते ठरवून यादी फळ्यावर लावावी. गेल्या चवथीला ज्याने ड्युटी केली, त्याला यंदा पहिली पसंती. साहेबांनीही खुशाल गणपतीला घरी जावं. त्यांच्या जागी सही कोण करणार, तेवढं त्याच यादीत लिहावं.